ओल्या तुळयांचं वाचनालय

तिला सगळं गाव करवतताई म्हणायचं. हे नाव तिच्या विरोधकांनी ठेवलेलं. हरित आघाडीच्या एका सभेत ती पहिल्यांदा बोलायला उभी राहिली, तेव्हा मागच्या रांगेतून कोणीतरी ओरडलं, "झाडं वाचवणाऱ्यांच्यात ही करवतवाली कशी घुसली?" सभा खो खो हसली. तीही हसली. हसू ओसरू दिलं आणि म्हणाली, "करवत चालवते म्हणूनच आले. झाड कधी तोडायचं हे मला माहीत आहे, त्यामुळे कधी तोडायचं नाही हेही माहीत आहे." टाळ्या पडल्या, आणि नाव जे चिकटलं ते कायमचंच.

तिच्या वडिलांची गावाच्या टोकाला लाकडाची वखार होती. ती मात्र शिकली इमारती बांधायचं शास्त्र, आणि मोठ्या शहरात चार वर्षं काँक्रीटचे मजल्यावर मजले चढवत राहिली. वडील अचानक गेले तेव्हा वखार विकून टाकायची म्हणून पंधरा दिवसांच्या सुट्टीवर आली. वखारीत तिला भेटले मिस्त्रीकाका. वडिलांचे तीस वर्षांचे जोडीदार, अंगाने काटकुळे, बोलायला तिरकस. लहानपणी तिला रंधा धरायला त्यांनीच शिकवलं होतं.

"विकायची तर विक," ते म्हणाले. "पण ती कोपऱ्यातली थप्पी आधी वापरून टाक. तुझ्या बापानं तीन वर्षं वाळवलीय. दुसऱ्याच्या हातात गेली तर तो तिची खोकी करेल."

त्या थप्पीतून दोघांनी मिळून दातांच्या डॉक्टरीणबाईंसाठी दोन खोल्यांचा दवाखाना उभा केला. खांब लाकडाचे, भिंती लाकडाच्या, छतही लाकडाचं. दात उपटून घ्यायला आलेली माणसं गाल धरून भिंतींवरून हात फिरवायची. महिन्याभरात तिघांनी घरं बांधून मागितली. पंधरा दिवसांची सुट्टी संपली ती संपलीच, ती काही परत गेली नाही.

तिने एक नियम घातला. जिथे वनरक्षक झाड निवडून त्यावर खूण करतात आणि तोडलेल्या प्रत्येक झाडामागे नवी लावतात, अशाच जंगलातलं लाकूड वखारीत यायचं. प्रत्येक ओंडक्याबरोबर कागद. मिस्त्रीकाकांना याची भारी गंमत वाटायची. "आता ओंडक्यालाही जन्मदाखला लागतो," ते येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायचे, पण कागद नसलेला ट्रक फाटकातून आत येऊ द्यायचे नाहीत. ओलावा मोजायचं यंत्रही तिनेच आणलं. त्याच्या दोन सुया लाकडात टोचल्या की आकडा दिसायचा. काका आधी बोटाच्या पेराने तुळईवर ठोकायचे, कान देऊन ऐकायचे, मग यंत्र लावायचे आणि आकडा खिशातल्या वहीत लिहायचे.

"ठोकणं माझ्यासाठी, यंत्र तुझ्यासाठी," ते म्हणायचे. दोन्हींत कधी फारसा फरक पडायचा नाही.

राजकारणात ती शिरली ती एका नदीकाठामुळे. काठावरची जुनी झाडं पाडून तिथे गाड्या लावायची जागा करायचा ठराव नगरपालिकेत आला. ती शंभर-दीडशे माणसं घेऊन पालिकेच्या पायऱ्यांवर जाऊन बसली. ठराव मागे पडला. झाडांमागच्या रिकाम्या तुकड्यावर मुलांचं वाचनालय बांधावं असं ठरलं, आणि लाकडी बांधकामासाठी सगळ्यांत चांगला आराखडा तिचा निघाला. काम तिच्या वखारीला मिळालं. त्यानंतर चार महिन्यांनी हरित आघाडीचे सचिव वखारीत आले. नीट इस्त्रीचे कपडे, गळ्यात दोरीला बांधलेला चष्मा, हळू आवाज. पुढच्या निवडणुकीत तिने उभं राहावं अशी त्यांनी गळ घातली.

"आमच्याकडे बोलणारे खूप आहेत," ते म्हणाले. "करून दाखवणारं कोणी नाही. तुमचं वाचनालय हीच आपली जाहिरात."

तिला ते पटलं. खोटं कशाला बोला, तिला ते आवडलंही. इतकी वर्षं ती एकेक घर बांधत होती. नगरसेविका झाली तर गावातली प्रत्येक नवी शाळा, प्रत्येक दवाखाना असा बांधता येईल, या विचाराने तिला रात्रंदिवस दुसरं काही सुचेना.

अडचण एकच होती. मतदान ठरलं होतं त्याच्या तीन आठवडे आधी वाचनालयाचं उद्‌घाटन व्हावं, असं सचिवांचं म्हणणं. आणि मोठ्या दालनाच्या सहा तुळया अजून वाळायच्या होत्या. एवढ्या जाड तुळया वखारीतल्या वाळवणीच्या भट्टीत मावत नव्हत्या. शेडमध्ये, मध्ये पट्ट्या घालून, वाऱ्यावरच त्यांना वाळवायचं. वारा काही कोणाच्या सांगण्यावरून घाई करत नाही.

मिस्त्रीकाकांनी एक दिवस तिला शेडमध्ये बोलावलं. पहिल्या तुळईवर ठोकलं. आवाज बद्द आला, भरल्या माठावर टिचकी मारावी तसा. मग यंत्र लावलं.

"बघ."

तेवीस.

"पंधराच्या खाली आल्याशिवाय मी चढवणार नाही," ते म्हणाले. "सहा महिने दे. आठ दिलेस तर उत्तमच."

"काका, सहा महिन्यांनी निवडणूक होऊन गेलेली असेल."

"लाकडाला मतदानाची तारीख कळत नाही, पोरी."

"जोडांना लोखंडी पट्ट्या देऊ. आकसलं तरी धरून राहील. मी हिशेब करून बघितलाय."

"तुझा हिशेब वाळलेल्या लाकडाचा आहे. हे अजून झाड आहे, लाकूड झालेलंच नाही."

तिने त्यांचा हात धरला. "काका, एवढं एकदा. माझ्यासाठी."

त्यांनी हात सोडवून घेतला. मग वहीत तेवीस लिहिलं, खाली तारीख घातली आणि वही खिशात टाकली. "मालकीण तू," एवढंच बोलले. तिला 'मालकीण' असं त्यांनी त्याआधी कधी म्हटलं नव्हतं. तिला ते लागलं. पण त्या दिवशी तिला आणखी दोन ठिकाणी भाषणं द्यायची होती.

उद्‌घाटन थाटात झालं. दालनाला पूर्वेकडून उंच खिडक्या होत्या आणि सकाळचं ऊन तुळयांवर पडलं की सगळी खोली मधाच्या रंगाची व्हायची. मुलं बूट काढून जमिनीवर लोळत वाचायची. तिच्या नवऱ्याने, जो शाळेत गणित शिकवायचा आणि सहसा कशाचं कौतुक करायचा नाही, त्यानेसुद्धा दारात उभं राहून "वा" म्हटलं. ती निवडून आली, तेही घसघशीत मतांनी.

पुढची दोन वर्षं चांगली गेली, हे तिच्या विरोधकांनाही नाकारता येणार नाही. ती सभेला फायली वाचून यायची. रस्त्याकडेच्या झाडांच्या बुंध्यांभोवतीचं डांबर तिने उकरून घेतलं. तीन मजल्यांपर्यंतची कोणतीही सरकारी इमारत बांधताना आधी लाकडाचा विचार करावा, असा ठराव तिने दीड वर्ष खपून मंजूर करून घेतला. विरोधी बाकावर सिमेंटचा मोठा व्यापार असलेले एक गृहस्थ होते. ते दर वेळी उठून विचारायचे, "आणि वाळवी लागली तर करवतताई ती खाऊन टाकणार का?" ती त्यांनाही हसत उत्तर द्यायची. वखार मिस्त्रीकाका सांभाळत होते. ती तिकडे आठवड्यातून एकदा, तेही धावतपळत जायची.

वाचनालयाच्या खिडक्या आधी अडकायला लागल्या. मग एका जोडात बोट जाईल एवढी फट पडली. ग्रंथपालबाईंनी दोनदा निरोप पाठवला. तिने "लाकूड जागा धरतंय, होतं असं" असं कळवलं. तिसऱ्यांदा निरोप आला तेव्हा काका जाऊन बघून आले आणि म्हणाले, "तिसरी तुळई पिळतेय. खालून टेकू दे आणि दालन बंद कर." ती म्हणाली, पुढच्या आठवड्यात ठराव अंतिम मंजुरीला आहे, तो होऊ दे, मग लगेच करू.

ठराव मंगळवारी मंजूर झाला. गुरुवारी सकाळी अकरा वाजता तिसरी तुळई बंदुकीसारखा आवाज करून लांबीत तडकली. आत एकोणीस मुलं होती. ग्रंथपालबाईंनी दोन्ही दारं उघडली आणि मुलांना बाहेर काढलं. कोणाला खरचटलंही नाही. शेवटचं मूल बाहेर पडल्यावर बाईंनी पायरीवर उभं राहून सगळी पुन्हा एकदा मोजली.

चौकशी समिती नेमली गेली. समितीच्या बैठकीच्या आदल्या दिवशी सचिव तिच्या घरी आले. चष्मा पुसत म्हणाले, "हे बघा, खोटं एक अक्षर बोलू नका. पण विचारलं तेवढंच सांगा. तुम्ही पडलात तर तुमच्याबरोबर ठराव पडेल. गावाची पुढची वीस वर्षं पडतील."

ते गेल्यावर नवऱ्याने जेवताना विचारलं, "काकांनी तुला सांगितलं होतं ना?"

"जेव," ती म्हणाली.

समितीची बैठक पालिकेच्या सभागृहातच होती. लोक दाटीवाटीने बसले होते. मिस्त्रीकाका पाहुण्यांच्या रांगेत, भिंतीकडच्या खुर्चीवर, धुतलेला सदरा घालून आले होते. समितीचे अध्यक्ष एक निवृत्त अभियंता होते. त्यांनी कागद चाळत विचारलं, "तुळया चढवण्याआधी त्यांचा ओलावा कोणी तपासला होता?"

तिच्या तोंडून निघालं, "ते काम मिस्त्रींचं होतं."

वाक्य अगदी खरं होतं. ओलावा त्यांनीच तपासला होता. अध्यक्षांनी मान डोलावून लिहून घेतलं. आता ते पुढचा प्रश्न विचारतील, 'मग आकडा किती आला?' असं विचारतील, आणि मग मी सगळं सांगेन, असं ती स्वतःशी म्हणत होती. पण त्यांनी पान उलटलं आणि ते पायाच्या बांधकामाबद्दल विचारू लागले.

तिने पाहुण्यांच्या रांगेकडे बघितलं. काका तिच्याकडेच बघत होते. रागाने नव्हे. गर्दीत ओळखीचं माणूस दिसावं आणि जवळ गेल्यावर ते दुसरंच कोणी निघावं, तसं. मग ते उठले, कमरेतून ओणवे होत लोकांच्या पायांतून वाट काढत बाहेर गेले. त्या रांगेतल्या प्रत्येकाने ते जाणं बघितलं आणि प्रत्येकाने एकच अर्थ काढला. वही त्यांच्या खिशात होती. त्यांनी ती कोणाला दाखवली नाही.

अहवालात 'मिस्त्रींचा निष्काळजीपणा' असे शब्द आले. ती सुटली. काका दुसऱ्या दिवशी वखारीत आले, आपली पटाशी, रंधे आणि जुना डबा पिशवीत घातला, भट्टीची किल्ली तिच्या टेबलावर ठेवली. ती नगरपालिकेत होती. महिन्याभरात ते दोन तासांवरच्या एका शहरात, लेकीकडे राहायला गेले. गावात त्यांना दार बसवायला बोलवायलाही आता लोक कचरत होते.

तिने स्वतःला अनेक गोष्टी सांगितल्या. ठराव तर टिकला. काका तसेही थकले होते. वातावरण निवळलं की सगळं नीट करू. पण त्यातलं एकही तिला पटेना. वखारीत गेली की ती तुळयांवर ठोकून बघायची आणि तिला काहीच ऐकू यायचं नाही. इतकी वर्षं तिने फक्त आकडाच वाचला होता.

वर्षभराने सिमेंटवाल्या गृहस्थांनी तिचा ठराव रद्द करायचा प्रस्ताव आणला. लोकांच्या मनात लाकडाची भीती बसली होती, आणि हरित आघाडीतलेही दोघे कच खाऊन तिकडे गेले. ठराव पडणार हे सकाळीच सगळ्यांना माहीत होतं. तिची बोलायची वेळ आली. ती उठली, हातातलं भाषण खाली ठेवलं.

"वाचनालयाच्या तुळया तेवीस टक्के ओल्या होत्या," ती म्हणाली. "मिस्त्रींनी मला तो आकडा दाखवला होता. सहा महिने थांब म्हणाले होते. मी थांबले नाही, कारण मला निवडणुकीआधी उद्‌घाटन हवं होतं. लाकडाचा दोष नाही. त्यांचाही नाही. चौकशीत मी हे लपवलं."

सचिवांनी चष्मा काढला. मग नगराध्यक्ष खाकरले आणि म्हणाले, "सन्माननीय सदस्यांनी विषयपत्रिकेवरच बोलावं. हा विषय आज चर्चेला नाही. इतिवृत्तात घेऊ नये."

टंकलेखकाने हात थांबवला. मतदान झालं, ठराव रद्द झाला. दुसऱ्या दिवशी स्थानिक वर्तमानपत्रात 'लाकडी इमारतींचा ठराव अखेर गुंडाळला' अशी बातमी आली. तिच्या बोलण्याबद्दल खाली दीड ओळ होती, 'यावेळी नगरसेविका भावनाविवश झाल्या होत्या' अशी.

ते कात्रण घेऊन ती काकांकडे गेली. लेकीचा फ्लॅट चौथ्या मजल्यावर होता. लेकीने दार उघडलं, तिला ओळखलं, आणि बाजूला झाली. काका गॅलरीत खुर्चीवर बसले होते. त्यांनी त्या इमारतीतली सगळी कुरकुरणारी दारं नीट केली होती आणि आता काम उरलं नव्हतं, असं लेकीने नंतर सांगितलं.

"या," ते म्हणाले. "बसा."

ती उभीच राहिली. बत्तीस वर्षांत त्यांनी तिला कधी 'बसा' म्हटलं नव्हतं.

"काका, मी सभागृहात सगळं सांगितलं. काल. हे बघा." तिने कात्रण पुढे केलं. त्यांनी ते हातभर लांब धरून वाचलं, घडी घातली आणि परत दिलं.

"भावनाविवश झालात म्हणे," ते म्हणाले. त्यांचा जुना तिरकसपणा क्षणभर डोकावला आणि तिला वाटलं, आता रागावतील, आता ओरडतील, बरं होईल. पण ते शांतच होते.

"काका, मला माफ करा. ते वाक्य..."

"वाक्याचं काय घेऊन बसलात. चौकशीच्या आदल्या रात्री मी घरी वाट बघत होतो. म्हटलं, येतील आणि सांगतील, काका, उद्या असं असं होणार आहे, तुमच्यावर घेता का? मी घेतलं असतं. हसत घेतलं असतं. म्हातारा माणूस मी, माझं काय जाणार होतं? तुमचा ठराव माझ्यापेक्षा मोठा होता." ते खाली रस्त्याकडे बघत होते. "तुम्ही विचारलंच नाहीत. जे मी दिलं असतं ते तुम्ही न विचारता उचललंत."

तिला रडू आलं. लेक आतून पाणी घेऊन आली, पेला तिच्या हातात दिला. काका तिच्या मुलांची चौकशी करू लागले, भट्टीचा पंखा बदलला का म्हणाले, अगदी मायेने बोलत राहिले. निघताना ते दारापर्यंत सोडायलाही आले. पण 'पोरी' म्हणाले नाहीत, आणि ती वखारीत परत या म्हणाली तेव्हा त्यांनी फक्त हात हलवला.

त्यानंतर ती दर महिन्याला जात राहिली. ते दर वेळी नीट बोलायचे. तिसऱ्या वर्षी हिवाळ्यात ते गेले. लेकीने फोन केला, म्हणून तिला वेळेवर पोचता आलं.

लाकडी वाचनालय तोवर पाडून झालं होतं आणि त्या जागी काँक्रीटची दुमजली इमारत उभी होती. पक्की, चौकोनी, कोणाची तक्रार नसलेली. ती पुढच्या निवडणुकीला उभी राहिली नाही. वखार चालू ठेवली, लहानच. हरित आघाडीने एका तरुण शिक्षिकेला उमेदवारी दिली, आणि घरोघर पत्रकं वाटायला माणसं कमी पडत होती म्हणून करवतताईलाही विचारलं. ती हो म्हणाली.

नदीपलीकडच्या गल्लीत एका घराचं दार एका बाईने उघडलं. हाताला पीठ लागलेलं, कमरेवर मूल. तिने पत्रक बघितलं, मग चेहरा बघितला.

"तुम्हीच ना त्या? लाकडाच्या वाचनालयाच्या?"

"हो."

"माझी थोरली तिथे जायची हो. केवढं छान होतं. त्या मिस्त्रीने घात केला तुमचा."

हे तिने त्या गल्लीत चौथ्यांदा ऐकलं होतं. सचिवांनी आधीच बजावलं होतं की, ताई, तो विषय नको, आपल्याला मतं मागायची आहेत. त्यावर ती त्यांना म्हणाली होती, मग माझ्या हातात पत्रकं देऊ नका.

"नाही," ती म्हणाली. "मिस्त्रीने नाही केला. तुम्हाला दोन मिनिटं वेळ आहे का?"

आणि दारातच उभी राहून तिने त्या बाईला सगळं सांगितलं, तेवीसचा आकडा, सहा महिने, ते खरं वाक्य. बाईने ऐकून घेतलं. कमरेवरचं मूल पत्रक चघळायला लागलं, ते तिने त्याच्या तोंडातून काढून घेतलं. आत काहीतरी उतू गेल्याचा वास आला.

"असू दे हो ताई," बाई घाईघाईने म्हणाली, "झालं ते झालं. आता कशाला उकरता?" आणि दार लोटून आत पळाली.

ती पायऱ्या उतरली. गल्लीत अजून अकरा घरं राहिली होती.